पाण्याच्या वाटेनं आउटबॅक : ॲडलेड ते ॲलिस स्प्रिंग्ज, आठ दिवस

(व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे. शेवटी श्रोत्यांचे काही प्रश्न आणि त्यांची उत्तरं दिली आहेत.)



ऑस्ट्रेलियाचा नकाशा डोळ्यांसमोर आणा. खाली दक्षिण किनाऱ्यावर ॲडलेड आहे. तिथून बोट सरळ वर, उत्तरेकडे सरकवत नेलं की खंडाच्या जवळजवळ मध्यावर ॲलिस स्प्रिंग्ज लागतं. हमरस्त्यानं हे अंतर साधारण १५३० किलोमीटर, म्हणजे मुंबईहून दिल्ली गाठून थोडं पुढेच. रस्ता डांबरी आहे, दोन दिवसांत माणूस आरामात पोहोचतो. पण आज आपण त्या रस्त्यानं जाणार नाही. तिकडच्या ओव्हरलँड सहली जी आडवाट घेतात ती आपण घेऊ : फ्लिंडर्स डोंगररांग, मरी, ऊडनाडाटा ट्रॅक, कूबर पेडी, उलुरू, किंग्ज कॅनियन आणि मग ॲलिस. सात-आठ दिवस. फोर-व्हील ड्राइव्ह गाडी, पाण्याच्या टाक्या, दोन जादा चाकं, आणि रात्री उघड्यावर झोपायला स्वॅग. स्वॅग म्हणजे आपली वळकटीच, फक्त जाड कॅनव्हासची.

या वाटेबद्दल एक साधा प्रश्न मला पडला होता, आणि आजचं सगळं व्याख्यान त्या प्रश्नाभोवतीच आहे. हा रस्ता नेमका इथूनच का जातो? सगळीकडे सपाट माळ आहे. वर्षाला जेमतेम १२५ ते १५० मिलिमीटर पाऊस. वाट कुठूनही काढता आली असती. मग आधी पायवाट, मग शोधमोहीम, मग तारायंत्राची लाइन, मग रेल्वे, मग आजचा कच्चा रस्ता, हे सगळं एकाच पट्ट्यात एकावर एक का बसलं? उत्तर एका शब्दात सांगायचं तर पाणी. पण ते पाणी वरून दिसत नाही. ज्यांना ते ठाऊक होतं ते जगले, आणि ज्यांना वाटलं की इथे काहीच नाही, त्यांच्यावर काय वेळ आली हेही आपण बघू.

पहिले दोन दिवस : गोयडरची रेषा

ॲडलेड सोडलं की दोन-तीन तास गव्हाची शेतं दिसतात. मग शेतं विरळ होतात आणि संपतात. हॉकर गावाच्या आसपास माळावर दगडी घरांचे सांगाडे उभे दिसतात. छप्पर नाही, पण भिंती आणि धुराडं शाबूत. ही कुणाची घरं?

१८६५ साली मोठा दुष्काळ पडला तेव्हा दक्षिण ऑस्ट्रेलियाचा सर्व्हेअर जनरल जॉर्ज गोयडर घोड्यावरून हा सगळा मुलूख फिरला आणि त्यानं नकाशावर एक रेषा आखली. रेषेच्या दक्षिणेला शेती करा, उत्तरेला करू नका, तिथे पावसाचा भरवसा नाही. गंमत म्हणजे त्याच्याकडे पावसाच्या नोंदी फारशा नव्हत्याच. त्यानं झाडं वाचली. उंच झुडपं संपून खारट मातीतलं सॉल्टबुश कुठे सुरू होतं ते पाहिलं. ती रेषा आजही साधारण २५० मिलिमीटर पावसाच्या रेषेशी जुळते.

पुढे १८७० च्या दशकात चार वर्षं पाऊस चांगला झाला. लोक म्हणू लागले, गोयडरला काय कळतंय! नांगर चालवला की पाऊस मागोमाग येतो, अशी एक समजूतच तेव्हा पसरली होती. सरकारनं बंधन उठवलं, कुटुंबं उत्तरेला सरकली, घरं बांधली. १८८० च्या दशकात पाऊस गेला आणि माणसंही गेली. ते सांगाडे त्यांच्या घरांचे.

फ्लिंडर्स डोंगररांग हा अद्न्यामथन्हा लोकांचा प्रदेश. इथल्या पाराचिल्ना भागात लाल गेरूची फार जुनी खाण आहे. समारंभात अंगाला लावायला हा गेरू इतका मोलाचा मानला जाई की उत्तरेकडच्या कूपर क्रीकच्या बाजूची माणसं तो न्यायला शेकडो किलोमीटर चालत येत. आता विचार करा, पाठीवर गेरूचं ओझं घेऊन वाळवंट पार करायचं तर दर दिवसाच्या चालीवर पाणी लागणारच. म्हणजे ते पाणी कुठे आहे हे त्यांना पिढ्यान्‌पिढ्या पाठ होतं. आपली वाट तिथून सुरू होते.

तिसरा दिवस : मरी आणि कराचीचे उंट

फ्लिंडर्सच्या उत्तरेला मरी नावाचं गाव लागतं. मरीआईशी काही संबंध नाही! थोडी घरं, एक हॉटेल, गंजलेली जुनी इंजिनं आणि खजुराची झाडं. ऑस्ट्रेलियाच्या मधोमध खजूर कुठून आला? तर उंटवाल्यांनी आणला.

या गोष्टीत आपल्याकडचा एक धागा आहे. १८६० साली मेलबर्नहून बर्क आणि विल्स यांची मोहीम निघाली, खंड दक्षिणोत्तर पार करायला. तिच्यासाठी दोन डझन उंट कराचीहून जहाजानं आणले होते आणि ते हाकायला माणसंही. पुढे १८६६ च्या सुमारास थॉमस एल्डर या जमीनदारानं शंभराहून अधिक उंट आणि तीसेक उंटवाले आणवले. त्यानंतर पन्नास-साठ वर्षं हे चालू राहिलं. ही माणसं अफगाणिस्तानातली, बलुचिस्तानातली, सिंधमधली, पंजाबातली. पण तिकडे सरसकट सगळ्यांना ‘अफगाण’, थोडक्यात ‘घान’ म्हणत. लोकरीच्या गासड्या, पीठ, तारेची भेंडोळी, रेल्वेचे रूळ, सगळं त्यांच्या उंटांवरून गेलं. मरीला त्यांची मातीची मशीद होती, खंडातल्या अगदी पहिल्या मशिदींपैकी एक. आज तिची प्रतिकृती गावात आहे. ॲलिसला जाणाऱ्या गाडीला ‘द घान’ हे नाव त्यांच्यावरूनच पडलं असं मानतात.

आणि मोबदला काय मिळाला? १९०१ नंतर गोऱ्या ऑस्ट्रेलियाचं धोरण आलं आणि यांतल्या बहुतेकांना नागरिकत्व नाकारलं गेलं. मग ट्रक आले, उंटांची गरज संपली. १९२५ च्या एका कायद्यानं मोकाट उंट मारायची मुभा दिली. अनेकांना गोळ्या घालवेनात, त्यांनी उंट सोडून दिले. आज वाळवंटात रानटी उंटांचे कळप दिसतात ते त्यांचे वंशज.

बर्क-विल्सचं काय झालं ते सांगतो, कारण आपल्या प्रश्नाचं उत्तर तिथे दडलेलं आहे. मरीपासून ईशान्येला, बरीच दूर, कूपर क्रीक आहे. खंडाच्या उत्तर टोकाजवळ पोहोचून परतताना बर्क, विल्स आणि किंग तिथे अडकले. कूपरच्या डोहांत पाणी होतं, मासे होते. तिथले यांड्रुवांडा लोक त्यांना मासे देत, नार्डू नावाच्या पाणनेच्याच्या बियांसारख्या दाण्यांचं पीठ देत. पण बर्कचा त्यांच्यावर विश्वास नव्हता. एकदा चोरीच्या संशयानं त्यानं बंदूकही चालवली, आणि ते लोक दुरावले. मग हे तिघे आपल्या पद्धतीनं नार्डू कुटून खाऊ लागले. रोज पोटभर खात आणि रोज अशक्त होत. त्या दाण्यांत ब-१ जीवनसत्त्व नष्ट करणारं एक द्रव्य असतं. स्थानिक बायका ते दळून, पाण्यात कालवून, नीट प्रक्रिया करून मगच खात. ती रीत यांनी विचारलीच नाही, आणि त्यामुळेच त्यांची ताकद खचत गेली असावी असं अभ्यासक मानतात. १८६१ च्या जूनअखेरीस बर्क आणि विल्स वारले. किंग यांड्रुवांडांकडे गेला, त्यांनी त्याला सांभाळलं आणि सप्टेंबरात शोधपथकाला तो जिवंत सापडला. पाण्याच्या काठावर, अन्न हातात असताना दोघे गेले. कमी पडलं ते विचारणं.

चौथा दिवस : जमिनीतून उपळणारं पाणी

मरीहून ऊडनाडाटा ट्रॅक सुरू होतो. पुढे मार्लापर्यंत सुमारे ६२० किलोमीटर कच्चा रस्ता. पन्हाळी पत्र्यासारख्या वळ्या पडलेल्या, गाडी खिळखिळी करणाऱ्या. टायरची हवा थोडी कमी करून चालवायचं.

साधारण १३० किलोमीटरवर वाब्मा कदारबू नावाचं राखीव क्षेत्र आहे. उजाड माळावर बुटकी टेकाडं दिसतात. एका टेकाडावर चढलं की माथ्यावर गोल, काठोकाठ भरलेलं तळं आणि भोवती हिरवे लव्हाळे. याचं नाव ब्लांश कप. शेजारी ‘बबलर’ : तळ्याच्या मधोमध वाळू सारखी फुगते, फुटते, जणू कुणी खालून फुंकर घालतंय.

हे पाणी आलं कुठून? शाळेत ‘ग्रेट आर्टेशियन बेसिन’ वाचलेलं आठवत असेल. १७ लाख चौरस किलोमीटर, खंडाच्या एक-पंचमांशापेक्षा मोठं. फार पूर्वी पूर्वेकडच्या डोंगरांच्या उतारावर पाऊस पडला, वालुकाश्मात मुरला, वरच्या चिकणमातीच्या थराखाली कोंडला गेला आणि वर्षाला काही मीटर अशा गतीनं पश्चिमेकडे सरकत राहिला. इथपर्यंत पोहोचलेलं काही पाणी दहा लाख वर्षांहूनही जुनं आहे. बेसिनच्या या कडेला वरचा थर पातळ आहे, त्याला भेगा आहेत, तिथून ते दाबानं वर येतं. पाण्यातले क्षार साचतात, वाऱ्यानं आलेली वाळू अडते, आणि झरा स्वतःभोवती टेकडी उभारत जातो.

हा अरबाना लोकांचा प्रदेश. वाब्मा कदारबू म्हणजे सापाचं डोकं. त्यांच्या कथेत एका पूर्वजानं इथे महाकाय साप मारला. बबलर ही त्या सापाची तडफड, ब्लांश कप ही तो भाजण्याची भट्टी, आणि शेजारची हॅमिल्टन टेकडी हे त्याचं फेकून दिलेलं डोकं. आपल्याला ही नुसती पुराणकथा वाटेल. पण बघा, तिन्ही जागा कथेत अशा गुंफल्यात की कथा पाठ असलेल्या माणसाला पाण्याचा पत्ता पाठ असतो. आणि भूशास्त्र सांगतं की हॅमिल्टन टेकडी हा एक मेलेला झरा आहे.

असे झरे माळेतल्या मण्यांसारखे या पट्ट्यात ओळीनं आहेत. आता वाटेचा इतिहास पटकन उलगडतो. जॉन मॅकडूअल स्टुअर्ट १८५८ पासून या झऱ्यांना धरून उत्तरेकडे सरकत राहिला आणि सहाव्या मोहिमेत, २४ जुलै १८६२ ला, उत्तर किनाऱ्यावर पोहोचला. परतताना तो इतका आजारी होता की स्ट्रेचरवरून आणावा लागला, पण त्याच्या तुकडीतला एकही माणूस दगावला नाही. त्याच्याच वाटेनं तारायंत्राची लाइन गेली : सुमारे ३२०० किलोमीटर, ३६ हजारांवर खांब, तार जोडली गेली २२ ऑगस्ट १८७२ ला. लंडनचं पत्र यायला महिने लागत, ती खबर आता काही तासांत येऊ लागली. मग रेल्वे. वाफेच्या इंजिनाला पाणी लागतं, म्हणून रूळही झऱ्यांच्या कडेनंच. १८९१ ला ऊडनाडाटा, १९२९ ला ॲलिस. ही लाइन पुरात वारंवार वाहून जाई. डिझेल इंजिनाला पाण्याची गरज नाही, त्यामुळे १९८० साली नवी लाइन खूप पश्चिमेला टाकली आणि जुनी बंद झाली. आपण ज्या रस्त्यानं चाललोय तो त्या मेलेल्या रेल्वेच्या शेजारून जातो.

आता जरा अवघड भाग. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी लोकांनी या बेसिनमध्ये बोअर मारायला सुरुवात केली. पंप लागतच नव्हता, पाणी आपोआप उसळे. ते उघड्या चरांतून गुरांकडे सोडून दिलं. बहुतेक पाणी वाटेतच उन्हानं उडून जाई. दशकानुदशकं हे चाललं. जमिनीखालचा दाब उतरला आणि अनेक झरे आटले. गेल्या काही दशकांत बोअरना झाकणं बसवून, पाइप टाकून पुष्कळ पाणी वाचवलंय. पण या भागातली तांबे-युरेनियमची मोठी खाण आजही बेसिनमधून रोज कोट्यवधी लिटर पाणी उचलते, आणि झऱ्यांचं काय होणार ही अरबाना लोकांची काळजी संपलेली नाही. दहा लाख वर्षांत आलेलं पाणी आपण शंभर वर्षांत सोडून दिलं. आपल्याकडे बोअरवेल हजार फुटांवर नेणाऱ्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

पाचवा दिवस : मिठाचं सरोवर

ट्रॅकच्या कडेला काटी थांडा, म्हणजेच लेक एअर. सुमारे ९५०० चौरस किलोमीटर, समुद्रसपाटीपेक्षा १५ मीटर खाली. बहुतेक वर्षं नुसतं पांढरं मीठ. १९६४ साली डोनाल्ड कॅम्पबेलनं याच मिठावर ताशी ६४८ किलोमीटरच्या वर गाडी पळवून विक्रम केला. क्वचित कधी, क्वीन्सलंडमध्ये धो धो पाऊस झाला की हजारो किलोमीटरवरून पूर येतो, सरोवर भरतं आणि पेलिकन पक्ष्यांचे थवे उतरतात. १९७४ चा पूर नोंदींतला सर्वांत मोठा.

इथे १९९८ च्या डिसेंबरात एक युरोपीय जोडपं आलं होतं. सरोवराच्या काठाशी गाडी वाळूत रुतली, बाहेर निघेना. जवळच पावसाच्या पाण्याची टाकी होती. काही दिवस वाट पाहून ती तरुणी मदत आणायला चालत निघाली.  तिचा साथीदार वाचला, ती रस्त्यात उन्हानं गेली. तिची हिंमत कमी नव्हती, उलट जास्तच होती. म्हणून आउटबॅकचा पहिला नियम घोकून ठेवा : गाडी बंद पडली तर गाडी सोडायची नाही. गाडीला सावली असते, ती विमानातून दिसते. माळावर चालणारा माणूस दिसत नाही.

पुढचे तीन दिवस : कूबर पेडी, उलुरू, ॲलिस

विल्यम क्रीकहून १६५ किलोमीटरवर कूबर पेडी. १९१५ साली सोनं शोधायला आलेल्या एका तुकडीतला चौदा वर्षांचा मुलगा तळावरून पाणी शोधायला गेला आणि त्याला ओपल सापडला. नावाचा अर्थ साधारण ‘गोऱ्या माणसाचं बीळ’. बाहेर ४५ अंश असताना जमिनीत कोरलेल्या घरांत पंखाही लागत नाही. चर्चसुद्धा जमिनीखाली आहे. पाणी मात्र बोअरचं, खारट. ते गोडं करून वापरतात.

तिथून उलुरू सातशेहून अधिक किलोमीटर, पूर्ण दिवस. ३४८ मीटर उंच एकसंध कातळ, पायथ्याचा घेर ९.४ किलोमीटर. लोक सूर्यास्ताचे रंग बघतात, बघावेतच. पण मी म्हणेन, पायथ्याच्या मुटिटजुलू डोहाशी थोडा वेळ बसा. पाऊस पडला की अख्खा कातळ पाणी ओघळून या खोबणीत आणतो. अनंगू लोक इथे हजारो वर्षं टिकले ते अशा डोहांच्या जोरावर. १८७३ मध्ये विल्यम गॉस या कातळावर चढला तेव्हा त्याच्याबरोबर कामरान नावाचा उंटवाला होता. पुढे लाखो लोक चढले, त्यांतले निदान ३७ जण दगावले. वर ना माती ना संडास. लोकांनी केलेली घाण पावसाबरोबर डोहांत उतरे. २६ ऑक्टोबर १९८५ ला ही जमीन अनंगूंना परत मिळाली, आणि बरोबर ३४ वर्षांनी, त्याच तारखेला, चढणं बंद झालं. अनेकांना ती बंदी फक्त श्रद्धेची वाटली. पण त्यांच्या ‘चुकुर्पा’ मध्ये, म्हणजे धर्म, कायदा आणि भूगोल एकत्र असलेल्या त्यांच्या परंपरेत, पाहुण्याच्या जिवाची जबाबदारी यजमानावर असते. कुणी पडून मेलं की ते शोक करत.

किंग्ज कॅनियनमध्ये तांबड्या कड्यांच्या तळाशी पाण्याचा डोह आणि त्याभोवती हिरवाई आहे. तिथून ॲलिस, आणि ॲलिसच्या नावातही स्प्रिंग, म्हणजे पाणी आहेच. तारायंत्राच्या माणसांनी नदीपात्रातला एक डोह झरा समजून हे नाव दिलं, आणि त्या डोहाशेजारचं त्यांचं दगडी ठाणं आजही उभं आहे.

तेव्हा ‘इथून रस्ता का गेला’ याचं उत्तर तुमच्या लक्षात आलं असेल. रस्ता नंतरच्यांनी बांधला, पण वाट आधीच्यांनी दाखवली होती.

श्रोत्यांचे प्रश्न

*आमचा मुलगा मेलबर्नला असतो. आम्ही डिसेंबरच्या सुट्टीत जाणार आहोत. तेव्हा ही सहल करावी का?*

नको. डिसेंबर-जानेवारी तिकडचा भर उन्हाळा. मे ते ऑगस्ट जा. दिवसा हवा छान असते. रात्री मात्र पारा शून्याखाली जाऊ शकतो, तेव्हा स्वेटर, कानटोपी सगळं न्या.

*स्वतः गाडी भाड्यानं घेऊन जाता येईल?*

हमरस्त्यानं साध्या गाडीनंही जाता येतं. कच्च्या रस्त्यावर भाड्याची गाडी नेण्याची परवानगी करारात आहे का, ते आधी वाचा. पाणी माणशी रोज दहा लिटर धरा, आणि दोन-तीन दिवसांचं जादा. मोबाइलला रेंज नसते, सॅटेलाइट फोन किंवा आपत्कालीन बीकन भाड्यानं मिळतो. कुठून कुठे, कधी पोहोचणार हे कुणालातरी सांगून निघा. पाऊस झाला की रस्ते बंद होतात. बंद रस्त्यावर गाडी घातली तर मोठा दंड आहे. संध्याकाळनंतर गाडी चालवू नका, कांगारू आणि गुरं आडवी येतात. पहिल्यांदा जात असाल तर जाणत्या वाटाड्याबरोबरच जा.

*त्या झऱ्यांचं पाणी पिता येतं का?*

पिऊ नका, क्षार फार असतात, आणि झऱ्यात उतरूही नका. त्यांत असे बारीक मासे आणि शंखजीव आहेत जे जगात दुसरीकडे कुठेच सापडत नाहीत. लाकडी पायवाटेवरून बघायचं, आणि आपल्या टाकीतलं पाणी प्यायचं.